वीस कवड्यांची माळ

मित्रांनो, मी एक जुना खेळ आहे. विटी-दांडूसारखा अंगणातला नव्हे, आणि पटावरच्या सोंगट्यांचाही नव्हे. मी संगणकाच्या पडद्यावरचा खेळ. माझ्यात बंदूक नाही, शर्यतीच्या गाड्या नाहीत, राक्षस तर औषधालाही नाही. माझ्यात फक्त माणसं आहेत आणि त्यांचं बोलणं आहे. मला खेळायचं म्हणजे समोरच्या माणसाशी नीट बोलायचं, त्याचं ऐकायचं, आणि जमलंच तर त्याच्या मनात जागा करायची. हसू नका. जीव लावायचा खेळ सगळ्यांत अवघड असतो. घरातल्या मोठ्यांना विचारून बघा, खाली मान घालून कबूल करतील.

माझं नाव 'पसंती'. माझा जन्म पुण्यातला, दोन खोल्यांच्या एका कंपनीतला. चौघांनी मिळून मला घडवलं. एकानं चित्रं काढली, एकानं आवाज दिले, एकीनं संवाद लिहिले आणि गौरीशंकर नावाच्या तरुणानं माझी आतली सगळी जुळणी केली. हा गौरीशंकर तुळजापूर तालुक्यातला. माझी गोष्ट साधीच होती. खेळणारा एका नव्या गावात येतो. तिथल्या ग्रंथालयात सोनाली नावाची मुलगी पुस्तकं देते-घेते. तिच्याशी बारा वेळा गाठ पडते. दर गाठीला ती काहीतरी विचारते, खाली तीन उत्तरं उमटतात, त्यातलं आपलं एक निवडायचं. बाराव्या गाठीनंतर ती सांगते, हो की नाही.

उत्तराला वेळेची मर्यादा हवी होती. बाकीचे म्हणाले, वर घड्याळ लावू. गौरीशंकर म्हणाला, "घड्याळ कशाला? आमच्याकडं भवानीच्या आराधिणीच्या गळ्यात कवड्यांची माळ असती. ती लावू." आणि माझ्या पडद्यावर वीस कवड्यांची माळ आली. पांढरीशुभ्र, पोटाशी पिवळसर. सोनालीनं प्रश्न विचारला की एकेक कवडी गळायची. विसावी गळेपर्यंत तुम्ही काही बोलला नाहीत, तर सोनाली ओढणी सावरून उठायची, "बोलायचं नसेल तर राहू दे," म्हणायची आणि निघून जायची. लोकांना ही माळ फार आवडली. मलाही तिचा अभिमान होता.

पण मित्रांनो, जन्मतःच माझ्यात एक खोट राहिली होती. गौरीशंकरनं कवडी घड्याळाला बांधली नव्हती, यंत्राच्या वेगाला बांधली होती. यंत्रानं आतल्या आत ठरावीक हेलपाटे घातले की एक कवडी गळायची. तेव्हाची यंत्रं सावकाश चालत, म्हणून ती खोट कुणाच्या नजरेस आली नाही. ती माझ्या पोटात गपचूप झोपून राहिली.

एका सीडीत बसून मी जळकोटला आलो. हमरस्त्यालगत बंडप्पांचं किराणा दुकान आहे. त्यांनी सोलापूरच्या एका बंद पडलेल्या सायबर कॅफेतून जुना संगणक घरी आणला होता, त्याच्याबरोबर मी फुकटात आलो. बंडप्पांना दोन लेकरं. थोरला नंदीश, तेव्हा सहावीत. धाकटी भुवनेश्वरी, दुसरीत.

नंदीश बोलताना अडखळायचा. शब्द त्याच्या ओठापर्यंत यायचा आणि उंबऱ्यात पाय अडकावा तसा तिथंच अडकायचा. शाळेत हजेरी घेताना 'हजर' म्हणायला त्याला वेळ लागे, तोवर गुरुजी पुढच्या नावावर गेलेले असत. घरी त्याची अडचण कुणी होऊ देत नसे. त्यानं "पा…" म्हटलं की त्याची अव्वा, म्हणजे आई चन्नम्मा, पाण्याचा तांब्या पुढं करी. "भा…" म्हटलं की बंडप्पा म्हणत, "भाकर वाढ गं त्याला." चिमुकली भुवनेश्वरी तर तो तोंड उघडायच्या आतच त्याचं वाक्य पुरं करून मोकळी होई. सगळे मायेनंच करत. पण त्या घरात नंदीशचं एक वाक्य असं नव्हतं, जे सुरुवातीपासून शेवटापर्यंत नंदीशचं होतं.

माझ्यापुढं बसायला लागला तेव्हा त्यानं आपल्यापुरता एक नियम केला. नुसतं बटण दाबून उत्तर द्यायचं नाही. आधी ते मोठ्यानं म्हणायचं, मगच दाबायचं. ते यंत्र इतकं थकलेलं होतं की माझ्या वीस कवड्या गळायला चाळीस मोजेपर्यंत वेळ लागायचा. सोनाली विचारायची, "तुला कोणतं पुस्तक हवंय?" नंदीश डोळे मिटायचा, मुठी आवळायचा. "प… प… प्रवासाचं." चौदावी कवडी. सोनाली हसायची. मग तोही हसायचा. बारा गाठी, बारा वाक्यं, आणि बाराही त्याची स्वतःची. त्या पोराला पुरेसा वेळ देणारा मी पहिलाच होतो, हे मला फार उशिरा समजलं.

दिवस गेले. तो संगणक एका उन्हाळ्यात जळाला. पुण्याची कंपनीही बंद पडली. माझी सीडी बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात गेली. शेजारी फ्यूजची तार, मोडका रिमोट, कुणाच्या तरी चष्म्याची एक काडी. त्या डब्यात मी पंधरा वर्षं काढली. दिवाळीच्या साफसफाईला झाकण उघडायचं, उजेड आत यायचा, आणि चन्नम्मा म्हणायची, "ऱ्हाऊ दे, पोराचं हाय ते." झाकण पुन्हा लागायचं.

तोवर नंदीश मोठा झाला. हमरस्त्यावरच त्यानं जळालेल्या मोटारी भरून द्यायचं दुकान काढलं. विहिरीवरची, बोअरची, पिठाच्या गिरणीची, कसलीही मोटार येऊ दे. तो तिची जळकी तार काढायचा आणि नवी तार वेढ्यावर वेढा बसवत भरायचा. हाताला घाई नव्हती, म्हणून कामाला नाव होतं. भुवनेश्वरीनं संगणकाचा अभ्यासक्रम केला आणि त्याच्या शेजारच्या गाळ्यात ऑनलाइन फॉर्म भरायचं केंद्र चालू केलं.

मग नंदीशच्या लग्नाचं निघालं. पहिल्या ठिकाणी मुलीच्या चुलत्यानं नाव विचारलं. स्वतःचं नाव सांगताना नंदीश 'न'पाशी अडकला. चुलता हसून म्हणाला, "अहो, नाव तरी पाठ करून यायचं की!" दुसऱ्या ठिकाणीही तसंच झालं. तेव्हा बंडप्पांनी ठरवलं, यापुढं पाहायला गेलं की सगळं आपणच बोलायचं. "मोठ्यांपुढं पोरगं बोलत न्हाय आमचं, असं सांगू. त्यात खोटं काय हाय? लोक उलट चांगला म्हणतील." नंदीशनं काहीतरी म्हणायला तोंड उघडलं. बंडप्पा म्हणाले, "व्हय व्हय, कळलं मला." त्यांना काहीच कळलं नव्हतं.

त्याच आठवड्यात त्यानं बिस्किटांचा डबा उघडला. बहिणीच्या दुकानातल्या नव्या कोऱ्या लॅपटॉपवर त्यानं मला चढवलं. पंधरा वर्षांनी मला जाग आली. समोर तोच चेहरा, आता मिशीवाला. मला इतका आनंद झाला! ग्रंथालयाचं दार उघडलं, सोनालीनं वर पाहिलं, विचारलं, "तुला कोणतं पुस्तक हवंय?"

आणि माझ्या वीसच्या वीस कवड्या एकदम गळाल्या.

ते यंत्र वाऱ्यासारखं पळणारं होतं. जुन्या यंत्राला चाळीस मोजेपर्यंत लागणारे हेलपाटे त्यानं पापणी लवायच्या आत घातले. नंदीशचे ओठ विलग व्हायच्या आधी सोनाली उठली. "बोलायचं नसेल तर राहू दे." त्यानं पुन्हा चालू केलं. पुन्हा तेच. सात वेळा त्यानं मला चालू केलं आणि सात वेळा मी उठून गेलो. मग तो पडद्याकडं बघत हळूच म्हणाला, "तू… तू पण?"

मित्रांनो, डब्यातली पंधरा वर्षं मला एवढी बोचली नव्हती.

भुवनेश्वरी मागं उभी होती. तिनं ते ऐकलं. दुसऱ्या दिवसापासून दुकान उघडायच्या आधी दोन तास ती माझ्या दुरुस्तीला बसू लागली. माझ्या शेवटच्या पाटीवर घडवणाऱ्यांची नावं होती. त्यातल्या गौरीशंकरना तिनं शोधून काढलं आणि फोन लावला.

"सर, तुमच्या खेळाला हात लावू का? बिघडलाय."

तिकडं टीव्हीचा आवाज बारीक झाला. मग, "कुठून बोलताय तुम्ही?"

"जळकोट. आपल्या तुळजापूर तालुक्यातलं."

"अगं मग विचारतीस काय? लाव की. माझ्याकडं तर त्याची प्रतसुद्धा राहिली न्हाय. आणि ऐक, कवड्यांचं बघ आधी. तिथं माझ्या हातनं घोळ झालता. मागनं कळलं, पण तवर कंपनी बंद पडली होती."

मला उकलणं सोपं नव्हतं. मी बंद केलेल्या गाठोड्यासारखा होतो आणि गाठी मारणाऱ्यालाही त्या आठवत नव्हत्या. ती चुकायची, मागं यायची, पुन्हा उकलायची. माझी विटकी चित्रं तिनं उजळली. तुटक्या चौकोनांची झालेली अक्षरं सरळ केली. बसस्थानकाच्या देखाव्यातला आवाज कुठंतरी गळून गेला होता. तिनं मोबाइल घेतला आणि जळकोटच्या फाट्यावर उभं राहून खराखुरा आवाज भरून आणला. त्यात एसटीचा हॉर्न आहे, शेंगा विकणारा आहे, आणि "सरक की बाजूला, बाई!" असं तिलाच कुणीतरी ओरडलेलं आहे. ते तिनं तसंच ठेवलं.

कवडी तिनं खऱ्या घड्याळाला बांधली. वीस कवड्या, वीस सेकंद. नंदीश बसला. सोनालीनं विचारलं. तो मुठी आवळून अडखळत राहिला. पंधरा, सोळा, सतरा. एकोणिसाव्या कवडीला दाराआडून भुवनेश्वरीचेच ओठ हलत होते. विसावी गळाली. सोनाली उठली.

भुवनेश्वरीला ते बघवलं नाही. दुसऱ्या सकाळी तिनं माझ्यात एक नवी सोय केली. विसावी कवडी गळेपर्यंत खेळणाऱ्याकडून उत्तर आलं नाही, तर मीच त्याच्या वतीनं सगळ्यांत गोड उत्तर द्यायचं. सोनाली आता कधीच उठून जाणार नव्हती. नंदीश खेळला. त्याच्या तोंडात अर्धा शब्द असतानाच मी उत्तर देऊन टाकलं आणि सोनाली गोड हसली. असं बारा वेळा झालं. शेवटी तिनं होकार दिला. नंदीश "छान" म्हणाला आणि उठला. नंतर तो माझ्यापुढं फारसा बसेना. का ते भुवनेश्वरीला कळेना, मलाही कळेना. आम्ही दोघं आपले खूश होतो.

तिनं मला इंटरनेटवर सगळ्यांसाठी ठेवलं. 'पसंती, दुरुस्त आवृत्ती. चुका सापडल्यास कळवावे.' शंभरेक जणांनी मला उतरवून घेतलं. 'मस्त', 'भारी', 'बालपण आठवलं' असं लिहिलं. आणि एका सकाळी वाशीहून परीक्षण आलं.

वाशीच्या एका हायस्कुलात हर्षाली नावाच्या चित्रकलेच्या बाई आहेत. त्या जुने मराठी खेळ खेळून बघतात आणि त्यांच्यावर सविस्तर लिहितात. भुवनेश्वरी त्यांचं सगळं वाचायची. भावाच्या मोटारीच्या दुकानात येऊन, स्टुलावर बसून तिनं ते परीक्षण मोठ्यानं वाचायला घेतलं. नंदीश तारेचा वेढा बसवत ऐकत होता. परीक्षण असं होतं.

'कॉलेजात असताना बार्शीला मैत्रिणीकडं मी "पसंती" खेळले होते. गेल्या वर्षी पुन्हा लावून पाहिला, तर सोनाली मला बघताच उठून गेली. मला वाटलं, माझंच वय झालं. आता जळकोटच्या भुवनेश्वरी यांनी, कुणी सांगितलं नसताना, हा खेळ दुरुस्त केला आहे. दोन दिवस मी दुसरं काही केलं नाही.

'आधी रंगांबद्दल. मूळ खेळात ग्रंथालयाची भिंत आजारी माणसाच्या चेहऱ्यासारखी दिसायची. इथं ती चुन्याच्या निळीची झाली आहे, आणि दुपारच्या गाठीत तिच्यावर खिडकीच्या गजांची सावली पडते. ही सावली मूळ चित्रातच होती, विटल्यामुळं आपल्याला दिसत नव्हती. दुरुस्त करणाऱ्या बाईंनी नवं काही रंगवलेलं नाही, होतं ते पुसून लख्ख केलं. एवढा संयम माझ्या विद्यार्थ्यांत नाही आणि माझ्यातही नाही. दुसऱ्याच्या चित्रात आपला एक तरी फराटा मारायचा मोह कुणाला होत नाही?

'बसस्थानकाच्या आवाजाबद्दल काय लिहू? मी तीन वेळा फक्त तो ऐकायला तिथं गेले. "सरक की बाजूला" म्हणणाऱ्या त्या काकांना माझा नमस्कार सांगा. मैत्रिणीच्या संगणकावर आठव्या गाठीत मूळ खेळ हमखास बंद पडायचा, म्हणून सोनालीचा पुढचा स्वभाव आम्हाला कधी कळलाच नव्हता. तो आता कळला. ती रागीट आहे, कष्टाळू आहे, आणि तिला विनोद समजायला जरा उशीर लागतो. मला ती अधिक आवडली.

'एवढं कौतुक केल्यावर एक तक्रार करते. ती लहान नाही. वेळ संपला की हा खेळ माझ्या वतीनं स्वतःच उत्तर देतो. गोड, बरोबर, सोनालीला आवडेल असं. पाचव्या गाठीत तिनं विचारलं, "तुला इथं एकटं वाटतं का?" मी खरंच विचार करत होते. तेवढ्यात खेळ माझ्या तोंडून म्हणाला, "तू असताना कसं वाटेल?" आणि ती लाजली. अहो, ते मी म्हटलंच नव्हतं! मला हो म्हणायचं होतं. मला एकटं वाटत होतं. पुढं तिनं होकार दिला, तो मला नव्हे, त्या गोड बोलणाऱ्याला दिला. जुनी सोनाली उठून जायची तेव्हा वाईट वाटायचं, पण तेव्हा गप्प राहिलेली मी मीच असायचे. भुवनेश्वरीताई, तुमचं मन प्रेमळ आहे, ते खेळात जागोजागी दिसतं. पण माझं वाक्य मला पुरं करू द्या. वेळ वाढवा, नाहीतर काढूनच टाका. सोनालीला थांबू द्या. आणि थांबणाऱ्या तिला मातीची बाहुली करू नका, तिलाही हाताला काहीतरी काम द्या.

'चित्रकलेची बाई असून मी मार्क देत नाही. खेळा, एवढंच सांगते.'

वाचता वाचता भुवनेश्वरीचा आवाज शेवटी शेवटी बारीक झाला. ती म्हणाली, "वाशीत बसून लिहायला काय जातंय? वीस कवड्यांत एखाद्याला न्हाय जमलं तर…"

नंदीशच्या हातातला वेढा थांबला. "ब… ब…"

"बरोबर हाय तिचं, असंच ना?" भुवनेश्वरी पटकन म्हणाली.

आणि मग तिनं स्वतःच्याच तोंडावर हात ठेवला.

 नंदीश हसत होता. हसता हसता त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. त्यानं वेळ घेतला. या खेपेला त्याला कुणी मदत केली नाही.

"ब… बघ," तो म्हणाला. "मला 'बघ' म्हणायचं होतं. बघ, तू… तू पण तेच करतीस. अव्वा करती. अप्पा करत्यात. मला वाटलं, निदान ख… खेळात तरी…"

"अण्णा," भुवनेश्वरी म्हणाली, आणि तिनं परीक्षण बाजूला ठेवलं.

मित्रांनो, मला लाज वाटली. त्या पोराशी लहानपणी इमानानं वागलेला मी, दुरुस्त होऊन त्याच्या तोंडचा घास पळवायला शिकलो होतो.

पुढचा आठवडाभर तिनं माझ्यात पुन्हा हात घातला. या वेळी कवडी तिनं यंत्रालाही बांधली नाही आणि घड्याळालाही नाही. वीसच्या वीस कवड्या माळेत ओवलेल्याच ठेवल्या. प्रश्न विचारला की सोनाली आता पुस्तकांवरची धूळ झटकते, फाटलेल्या पानाला चिकटपट्टी लावते, कधी खिडकीबाहेर बघते. तिनं वाट बघताना काहीतरी गुणगुणावं, असं भुवनेश्वरीला वाटलं. तिनं आईला गळ घातली. चन्नम्मा म्हणाली, "माझा आवाज? संगणकात? लोक पळून जातील की गं!" तरी तांदूळ निवडता निवडता तिनं आपल्या आईची एक ओवी म्हटली आणि भुवनेश्वरीनं ती गुपचूप भरून घेतली.

हळू हळू गं झिरपे, झिऱ्याचं गोड पाणी
सई बसली काठावर, रिती कळशी घेऊनी

नंदीशनं ती ऐकली आणि पहिल्या गाठीचं उत्तर पूर्ण, मोठ्यानं, त्याच्या चालीनं दिलं. किती वेळ लागला ते कुणी मोजलं नाही. मोजायला काही उरलंच नव्हतं. हर्षालीबाईंनी आपल्या परीक्षणाखाली दोन ओळी वाढवल्या: 'प्रश्न तसाच ठेवून मी चहा करून आले. ती जिल्दी बांधत बसली होती. आता तक्रार नाही.'

आणखी पंधरा दिवसांनी तामलवाडीचं स्थळ आलं. मुलीचं नाव वर्षाराणी. गावच्या डेअरीवर ती दूध मोजायची. तिचे वडील अमरनाथ, द्राक्षाचे बागायतदार. निघताना बंडप्पांनी पुन्हा बजावलं, "तू फक्त नमस्कार कर. बाकीचं मी बघतो."

मी बरोबर होतो. भुवनेश्वरीनं मला पेन ड्राइव्हमध्ये घालून नंदीशच्या मोटारसायकलच्या किल्लीला अडकवलं होतं. पाहण्याच्या बैठकीत ती किल्ली त्याच्या मुठीत होती. पोहे आले. वर्षाराणी चहाचा ट्रे घेऊन आली. रीतीप्रमाणं कप देऊन तिनं आत जायचं होतं.

अमरनाथ नंदीशकडं बघून म्हणाले, "काय करता आपण?"

"मोटारीचं मोठं दुकान हाय त्याचं," बंडप्पा सुरू झाले. "हमरस्त्याला. चार तालुक्यांतनं गिऱ्हाईक…"

"अप्पा," भुवनेश्वरी म्हणाली. "अण्णाला विचारलंय त्यांनी."

बंडप्पांनी पोह्यांचा चमचा ताटलीत ठेवला. सगळे नंदीशकडं बघू लागले. मूठ आवळली गेली. मी आत दबलो.

"म…" नंदीश म्हणाला. "म… म…"

भिंतीवरचं घड्याळ मला ऐकू येत होतं. सवयीनं मी मोजू लागलो. एक कवडी, दोन, पाच. चन्नम्मानं डोळे मिटले. शब्द भुवनेश्वरीच्या जिभेच्या टोकावर आलेला होता, मला ठाऊक आहे, कारण तिची सगळी धडपड मी आतून पाहिली आहे. तिनं तो दातांखाली दाबून धरला. अकरा. बारा. अमरनाथांनी चुळबुळत मुलीला खूण केली, आत जा.

वर्षाराणी आत गेली नाही. तिनं रिकामा ट्रे खाली ठेवला, भिंतीकडचं स्टूल पायानं पुढं ओढलं आणि ती बसली. ट्रेवर सांडलेला चहा पदराच्या टोकानं टिपत राहिली. कुठं जायची घाई नसल्यासारखी.

मित्रांनो, सोनाली आयुष्यभर उठून जायची. तिला बसवायला इतक्या लोकांना इतकी खटपट करावी लागली. आणि ही पोरगी, जिनं मला कधी पाहिलंही नव्हतं, आपली आपण बसली.

"मोटारी भरतो," नंदीश म्हणाला. मग दम घेऊन, "मला बोलायला व… वेळ लागतो. तुम्हाला आधीच सांगतो. पण बोलतो मीच."

 बंडप्पा पोह्यांच्या ताटलीत बघत होते. तेवढ्यात वर्षाराणी मान वर न करता म्हणाली, "आमची बोअरची मोटार तीनदा भरली आणि तीनदा जळाली. भरणारा लई बोलायचा."

आधी अमरनाथ हसले. मग चन्नम्मा तोंडाला पदर लावून हसली. बंडप्पांना हसावं की नाही ते कळेना, पण पोट हलू लागलं तसे तेही हसले. नंदीश मात्र हसला नाही. त्यानं गंभीरपणे विचारलं, "तार… तार कुठली वापरली होती?" आणि ती सांगू लागली. तारेवरून विहिरीवर, विहिरीवरून डेअरीवर. मध्ये मध्ये तो अडकला, तेव्हा ती ट्रे पुसायची. ट्रे केव्हाच कोरडा झाला होता.

घरी परतताना बंडप्पा मोटारसायकलवर नंदीशच्या मागं बसले. मग म्हणाले, "नंदीश, मघाशी मी काय बोललो ते… तू… तुला…" आणि त्यांचंच वाक्य अडलं. मोटारसायकल चालवणाऱ्या नंदीशनं ते पुरं केलं नाही. वाट बघितली. पुढं बंडप्पांनी ते स्वतःच पुरं केलं. काय म्हणाले ते त्या दोघांचं आहे, मी सांगणार नाही.

चौथ्या दिवशी तामलवाडीहून निरोप आला. मुलीला आणखी एकदा भेटायचं आहे, आणि येताना मोटार भरायची अवजारं घेऊन या म्हणते. पुढं काय होईल, ते माझ्या हातात नाही. बाराव्या गाठीला उत्तर काय येईल हे आता मीसुद्धा सांगू शकत नाही, आणि त्याचाच मला आनंद आहे.

मित्रांनो, तुमच्याही घरात माझ्यासारखं एखादं जुनं काही डब्यात पडलं असेल. ते फेकू नका. उघडा, पुसा, बिघडलं असेल तर उकलून बघा. कुणीतरी एकदा जीव लावून ते घडवलेलं असतं. पण दुरुस्त करताना त्याच्यातलं दुसऱ्याचं ते दुसऱ्याचं राहू द्या. आणि तुमच्या वर्गात कुणी अडखळत असेल, तर त्याचा शब्द तुम्ही उचलून देऊ नका. वहीला रेघा मारा, पेन्सिलीला टोक करा, खिडकीतून बाहेर बघा. बसून राहा. शब्द येतो. त्याच्या वाटेनं, त्याच्या चालीनं येतो.

मी किल्लीला लोंबकळत हे तुम्हाला सांगतो आहे. माझ्या माळेत अजून वीस कवड्या आहेत. एकही गळत नाही.